फुल, हाफ आणि तिसरा भाग

१२ जून १९८८

एस.टी.नं निवृत्तीच्या दिवशी शाल, नारळ आणि ही डायरी दिली. शाल मनकर्णानं, म्हणजे आमच्या सौभाग्यवतीनं, ठेवून घेतली. नारळाची चटणी झाली. डायरी कोणालाच नको होती म्हणून माझ्या वाट्याला आली. तेव्हा लिहितो.

जन्मभर औरंगाबाद–देवगाव रंगारी गाडीवर कंडक्टरकी केली. गावातलं पोरसुद्धा मला ओळखतं, पण गाडीत. खाली उतरल्यावर मी नेमका कोण, हे मलाच समजेना झालंय. आज चावडीपुढं बसलो होतो तर भिकन मेंढरं घेऊन चालला होता. थांबला, निरखून बघितलं आणि म्हणाला, "बद्रीभाऊ, तुमी बसलेले बरे दिसत नाय. उभेच बरे दिसायचे." मला ते फार लागलं.

म्हणून सार्वजनिक वाचनालय काढायचं ठरवलं. सरपंच काकासाहेबांनी चावडीशेजारची खोली दिली आहे, पण कच्ची, म्हणजे ठराव अजून व्हायचाय. चक्कीवाला बन्सी दूध संस्थेचा चेअरमन आहे, त्याला तीच खोली दूध गोळा करायला हवी आहे. तो म्हणाला, "पुस्तकाला मलई येते का?" अशा प्रवाशांशी वाद घालायचा नसतो.

इथं खरं लिहायला हरकत नाही: मी आजवर एकही पुस्तक वाचलेलं नाही. भाड्याचा तक्ता मात्र तोंडपाठ होता.

१६ जून

काल औरंगपुऱ्यात जाऊन पुस्तकं आणली. गावानं वर्गणी दिली होती. दुकानदारानं विचारलं, "काय देऊ?" मी सांगितलं, "निम्मी फुल, निम्मी हाफ." त्याला समजेना. मग सांगितलं, मोठ्यांचं तिकीट फुल, मुलांचं हाफ.

भला माणूस. त्यानं स्वतः शिफारस करून दोन गठ्ठे बांधले. हाफसाठी विज्ञानकथा: याने, ग्रह, यंत्रमानव. फुलसाठी समाजाचा इतिहास. पूर्वी लोक कसे राहत होते, काय खात होते, निजामाच्या राज्यात बाजार कसा भरायचा, रझाकारीत आणि पोलीस अॅक्शनमध्ये साध्या माणसांवर काय गुदरलं. "हे राजांचं नाही, माणसांचं आहे," असं तो म्हणाला. मी म्हणालो, राजे आमच्या गाडीला फारसे नसायचेच.

तिकीट टोचायचा चिमटा डेपोत जमा करावा लागला होता. तसाच एक तिथल्याच गल्लीत मिळाला. फार दिवसांनी हात जागेवर आल्यासारखा वाटला.

१९ जून

आज दिवसभर कव्हरं घातली. वाचनालयाचं पुस्तक खाकी कव्हरातच शोभतं. मनकर्णानं खळ शिजवली, मी कागद कापले. दोन्ही गठ्ठे सोडून पुस्तकं ओळीनं मांडली आणि झपाझप उरकलं. ती म्हणाली, "अहो, वर नावं तरी लिहा." मी म्हणालो, "नंबर पुरे." सीटला नाव असतं का?

ती कव्हर घालण्याआधी एकेक पुस्तक उघडून बघत होती. चित्रं बघत असावी. त्यामुळं कामाला उशीर झाला.

नियमही ठरवले. पुस्तक निवडायचं नाही. लाइनीत यायचं, पुढचा नंबर असेल तो घ्यायचा, कार्डाला टोचा मारून घ्यायचा. निवडत बसलं की पाठीमागचे खोळंबतात.

२ जुलै

उद्घाटन झालं. काकासाहेबांनी फीत कापली, बन्सी चहाला आला. लाइन चांगली लागली. मी "पुढं सरका, पुढं सरका" म्हणालो तेव्हा खोलीत एवढी रिकामी जागा असूनही सगळे सरकले. डोळ्यांत पाणी आलं.

एक अडचण आहे. कव्हर घातल्यामुळं फुल कुठलं आणि हाफ कुठलं हे आता मला सांगता येत नाही. उघडून बघावं लागेल, आणि लाइन लागलेली असताना ते शक्य नाही. एकदा तिकीट फाटलं की फाटलं.

११ जुलै

तक्रारी.

भिकनची नात बाना, सातवीतली, हिला मिळालं ते समाजाच्या इतिहासाचं. शाळेतल्या बाकीच्या पोरांनाही तेच. आणि मोठ्या माणसांच्या हाती याने नि ग्रह. भिकनला वाचता येत नाही, पण बानाकडून वाचून घेतो. तो म्हणाला, "बद्रीभाऊ, एक पोरगी मंगळावर ऱ्हायली. यान तिला सोडून निघून गेलं. संगं एक शेळी हाय. शेळीला पाला कुठून आणावा तिनं?"

मी म्हणालो, पुस्तक बदलून देतो. तर तो म्हणाला, "बदलता कामून? आदी शेळीचं सांगा."

कोणती गाडी प्रवाशाला सोडून जाते? डबल बेल दिल्याशिवाय यान हललंच कसं? त्या यानावर कंडक्टर नसणार.

सगळी पुस्तकं परत मागवून फुल-हाफ करावीत, असं मनकर्णाला बोललो. ती म्हणाली, "ऱ्हाऊ द्या की. चालू गाडीत सीटं बदलायला लावता का तुमी?" मुद्दा बरोबर आहे. राहू दिलं.

२५ जुलै

दाढ दुखत होती म्हणून कन्नडला गेलो. वाचनालय मनकर्णानं उघडलं. संध्याकाळी येऊन पाहतो तो सगळी सिस्टीम मोडलेली. ती प्रत्येकाला विचारत बसली म्हणे: तुमचं घर कुठलं, आधी काय करत होतात, काय ऐकायला आवडतं. आणि मग पुस्तकांच्या पेटीतून हुडकून पुस्तक द्यायची.

मी समजावलं. कंडक्टरनं दोनच गोष्टी विचारायच्या: कुठं जायचं, आणि सुटे आहेत का. कुठून बसलात, हे चेकिंगचा साहेब विचारतो. ते आपलं काम नव्हे.

ती म्हणाली, "बरं." पण सभासद वाढले आहेत. दाढ काढल्याची बातमी पसरली असावी, लोक सहानुभूतीनं येतात.

६ ऑगस्ट

पुस्तकांना पीठ लागतंय. जवळजवळ प्रत्येक पुस्तकात, पानांच्या कोपऱ्यांवर बोटांचे पांढरे ठसे. गावात पिठाशी संबंध कोणाचा? बन्सीचा. त्याची चक्की आहे. खोली मिळावी म्हणून हा घातपात चालला आहे, असा माझा संशय आहे. तो सभासद नाही, पण हात कुठूनही पोचतात.

घरीही लक्ष द्यायला हवं. हल्ली भाकरी करपलेली असते. दोनदा सांगितलं. मनकर्णा म्हणाली, तवा जुना झालाय. नवा आणला. तरी करपते.

सरपंचांच्या आई लक्ष्मीबाई यांनी सभासदत्व घेतलं. गावात त्यांचा दरारा आहे. काकासाहेब कोणाचंच ऐकत नाहीत, आईचं उभं राहून ऐकतात. गंमत म्हणजे लक्ष्मीबाईंच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू. तरी त्या मंगळावरच्या शेळीच्या गोष्टीचा पहिला भाग संपवून आज दुसरा मागवला, आणि माझ्या नंबराच्या पद्धतीनं नेमका तोच त्यांना आला. पद्धत अचूक असली की असं होतं. पेटी मनकर्णा लावते, पण नंबर माझे आहेत.

त्यांना वाचून कोण दाखवतं कोण जाणे. मनकर्णा रोज दुपारी त्यांच्याकडं डाळ निवडायला जाते, तिला विचारलं. "मला काय ठाऊक? मी डाळ निवडते," म्हणाली. डाळ अजून निवडून झाली नाही. मोठं घर आहे.

२० ऑगस्ट

प्रकरण चिघळलं.

ती इतिहासाची पुस्तकं वाचून पोरं बिघडली आहेत. संध्याकाळी टोळीनं फिरतात आणि म्हाताऱ्या माणसांना विचारतात, "आजा, रझाकारीत तुमी कुठं व्हता? काय खाल्लं? भ्या वाटलं का?" बाना सगळ्यांच्या पुढं.

बन्सीचे वडील सांडूबाबा यांना दर सतरा सप्टेंबरला, मुक्तिसंग्रामाच्या दिवशी, शाळेत शाल-नारळ देतात. बन्सी माइकवरून सांगतो की बाबांनी एकट्यानं रझाकारांची तुकडी गावाच्या वेशीवर अडवली. बाबा कधी बोलत नाहीत. लोक म्हणतात, केवढा विनय.

काल बानानं त्यांना विचारलं, "बाबा, अडवली तवा हातात काय व्हतं?" बाबा आनंदानं म्हणाले, "हातात? गूळ व्हता! म्या पेवात व्हतो ना, जमिनीखाली, ज्वारीच्या पेवात! आईनं गुळाची ढेप दिली अन् वरून झाकण लावलं. वेशीवर कोण आलं अन् कोण गेलं, मला काय दिसतंय?"

आणि हे सगळं चक्कीवर, दळणाच्या लाइनीपुढं. बन्सीनं चक्की बंद केली, पण तोवर गावभर झालं.

आज तो माझ्याकडं येऊन ओरडला, "पोरांच्या हातात ही असली बुकं तुमी दिली! सतरा तारखेला गावसभेत खोलीचा निकाल लावतो." काकासाहेबांनीही निरोप धाडला: बद्रीभाऊ, सतराला ठराव घ्यावा लागेल, माझा नाइलाज आहे.

म्हणजे झालं. खोली गेली तर पुस्तकं पेटीत बंद, पेटी माळ्यावर आणि मी चावडीपुढं. बसलेला. जेवण गेलं नाही. भाकरी आज करपलेली नव्हती तरी.

मनकर्णाला सांगितलं. तिनं चुलीतली लाकडं मागं ओढली. मग म्हणाली, "काकासाहेब लक्ष्मीबाईचं ऐकतो ना?" मी म्हणालो, ऐकतो, पण त्या म्हाताऱ्या बाईला दूध आणि पुस्तकं यातलं काय पडलंय? ती उठून भांडी घासायला गेली.

३ सप्टेंबर

शेळीचा तिसरा भाग सापडत नाही.

लक्ष्मीबाईंचा दुसरा संपला. शेवटी म्हणे शेळीनं यानाचा नकाशा खाल्ला, हवा संपत आली आणि दारावर बाहेरून कोणीतरी थाप मारली. तिथंच भाग संपतो. असं कोणी लिहितं का? ऐन घाटात गाडी उभी करून ड्रायव्हर निघून गेल्यासारखं आहे.

पेटी दोनदा उपसली. वहीत नंबर लिहिलेला आहे, पुस्तक नाही. कार्डावर टोचा नाही, म्हणजे कोणी नेलेलं नाही. बन्सीच. मनकर्णानंही माझ्याबरोबर पेटीत बघितलं, जात्याखाली बघितलं, "अगं बाई, गेलं कुठं?" असं चार वेळा म्हणाली. बिचारी माझ्यापेक्षा हळहळली.

लक्ष्मीबाईंचा गडी दिवसातून तीनदा येऊन विचारतो: थाप कोणी मारली?

१२ सप्टेंबर

पोळा झाला. बैल मिरवताना भिकन वाटेतच थांबला. "थाप कोणी मारली?" आता सगळं गाव विचारतंय. एक तट म्हणतो, यान परत आलं. दुसरा म्हणतो, मंगळावरचं कोणीतरी असणार. भिकनचा तिसराच तट: "शेळीच बाहेर गेली असंल अन् तीच शिंगं मारती."

औरंगपुऱ्याला दुकानदाराला फोन लावला. तो म्हणाला, तिसरा भाग संपला, नवी आवृत्ती दिवाळीनंतर.

मी वाचनालयाच्या दारात उभं राहून हिशेब मांडून बघितला. बन्सीकडं दूध घालणारे सगळे. माझ्याकडं पोरं, त्यांना हात वर करता येत नाही. मला झोप नाही. एवढ्या वयात एखादी गोष्ट इतकी हवीशी वाटावी, याची लाज वाटते.

१७ सप्टेंबर

सगळं लिहून ठेवतो, नाहीतर मलाच खोटं वाटेल.

शाळेच्या पटांगणात झेंडा झाला. मग सांडूबाबांना शाल द्यायला काकासाहेब उठले तेव्हा बन्सी माइककडं गेलाच नाही. बाबांनी स्वतः माइक ओढला. "पेवातली गोष्ट सांगू का?" पोरं म्हणाली, "सांगा!" बाबांनी सांगितली. अंधारात गूळ कसा चाटला, मुंग्या आल्या तेव्हा कसा रडलो, वर आई झाकणावर बसून गाणं म्हणायची ते खालून कसं ऐकू यायचं. मोठी माणसं हसली, मग हसेनाशी झाली. बाबा म्हणाले, "चाळीस वर्सं शाल घेतली. कोणी इचारलंच नाय. आज लई हलकं वाटून ऱ्हायलं." आणि शाल त्यांनी आईच्या नावानं घेतली. बन्सी तोंड पुसत होता. घाम असावा.

मग बाना उठली आणि म्हणाली, "आता मनकर्णा आजी."

मला वाटलं, ही चुकून बोलली. पण मनकर्णा उठली. पदर सावरून माइकसमोर उभी राहिली.

औरंगाबादच्या छावणीची मुलगी, एवढं मला माहीत होतं. तिचे वडील घोड्यांना गवत पुरवायचे, हेही. पुढचं आज गावाबरोबर ऐकलं. रझाकारीत शेजारच्या हमीदाखालानं यांचं सगळं घर आपल्या कोठीत लपवलं. खालाचा एक कोंबडा होता, तो नको तेव्हा आरवायचा. दहा वर्षांच्या मनकर्णाला काम दिलं होतं, कोंबड्याला पोटाशी धरून त्याची चोच दाबून बसायचं. बाहेर बुटांचे आवाज आणि आत ही आणि कोंबडा. "मला वाटायचं, मी मरन पन हा आरवन," ती म्हणाली. मग फौज आली, राज्य बदललं, आणि थोड्याच दिवसांत लोक सूड उगवायला खालाचं घर शोधत आले. तेव्हा मनकर्णाच्या वडिलांनी खालाला गवताच्या गंजीत लपवलं. "खाला आली ती कोंबडा घिऊनच आली. म्हणाली, बेटी, तूच पकड, तुझे आदत है."

मग लोक हसले, आणि लक्ष्मीबाईंनी पदर डोळ्यांना लावला. मी टाळ्या वाजवायला विसरलो.

त्यानंतर ठराव. बन्सी उठला, पण आवाजात जोर नव्हता. दूध वाढलंय, खोली लागेल, एवढंच म्हणाला. काकासाहेब म्हणाले, "मग दूध संस्थेला–"

"काक्या, खाली बस," लक्ष्मीबाई म्हणाल्या.

काकासाहेब उभेच राहिले.

"तिसरा भाग मिळल्याबिगर ती खोली हलायची नाय. पोरगी तिकडं हवेवाचून तळमळतीय, दारावर कोण थापा मारतंय, अन् तुमाला दुधाचं पडलंय? आदी दार उघडा, मग काय ते बोला!"

"तिसरा भाग!" भिकन मागून ओरडला. मग सगळेच ओरडले. काकासाहेबांनी हात वर करायला सांगितले. दूधवाल्यांचेही वर. मी मोजायला उठलो, सवयीनं, तर सांडूबाबांनी दोन्ही हात वर केलेले. एका माणसाचा एकच धरतात, असं मी सांगितलं. ते म्हणाले, "दुसरा आईचा." धरला.

खोली वाचनालयाला, कायमची. दूध संस्थेला शाळेमागची पडवी. बन्सी माझ्यापाशी आला आणि म्हणाला, "बाबांच्या पेवासारखं अजून काही हाय का त्या बुकांत?" मी कार्ड दिलं. त्यावर टोचा मी स्वतः मारला. पिठाचं मात्र त्याला विचारायचं राहिलं.

१८ सप्टेंबर

नवल झालं. तिसरा भाग सापडला. आमच्याच घरात, ज्वारीच्या पिठाच्या डब्यात, अगदी तळाशी! मनकर्णा सकाळी भाकरीला बसली आणि "अगं बाई, हे बघा" म्हणाली. ठराव झाला त्याच्या दुसऱ्याच दिवशी. थोडं आधी सापडलं असतं तर माझ्या जिवाचा घोर तरी वाचला असता. बन्सी आमच्या पिठाच्या डब्यापर्यंत कसा पोचला, तेही कळत नाही. पण आता तो सभासद आहे, जाऊ द्या.

लक्ष्मीबाईंना निरोप धाडला. मनकर्णा म्हणाली, "दुपारी डाळ निवडायला जाईन तेव्हा मीच नेते." मी पुस्तक झटकलं, हातभर पीठ उडालं. तिनं ते माझ्याकडून घेतलं, चुलीशेजारच्या डब्याला टेकवून उभं केलं आणि एका हातानं भाकरी थापत दुसऱ्या हातानं पान उलटलं. ओठ हलत होते. चित्र नव्हतं त्या पानावर.

मी तिथंच उभा राहिलो. कालपासून डोक्यात कोंबडा आणि ती दहा वर्षांची मुलगी. एवढी वर्षं एका घरात राहिलो, हिला कुठं जायचं ते विचारलं, काय आणायचं ते विचारलं.

शेवटी म्हणालो, "कुठून बसलीस?"

तिनं मान वर केली. "कोण इचारतंय? चेकिंगचा साहेब का?"

"नाही," मी म्हणालो. "मीच."

तिनं पुस्तकात खूण घातली, बाजूला ठेवलं आणि पाट माझ्याकडं सरकवला. "मग उभे नका राहू. बसा. छावणीतून बसले. लई लांबचं हाय."

मी बसलो. ती सांगू लागली. खाला, कोंबडा, वडिलांची गंजी, मग खालाचं पुढं काय झालं ते. आम्हा दोघांचंही तव्याकडं लक्ष नव्हतं.

भाकरी कशी करपते, ते आज कळलं.